तिबोटी

महाप्याच्या टॉवरखाली सकाळी सहाच्या आत
काचेला आपटून पडलेलं गोळा करायचं,
पतंग, पाकोळ्या, कधी पारवा.
त्यासाठी काळी पिशवी वेगळी.
तिच्यावर काही लिहिलेलं नाही,
पण आम्हाला ठाऊक.

आज तिथे एक रंग पडला होता.
वाटलं, मखराचा जिलेटिन कागद
वाऱ्याने आणला असेल कुठून.
मग त्याने डोळा मिटला.

काडेपेटीत मावला असता, चोच सोडून.
पोट हळदीचं, पाठ काळीनिळी,
आणि चोच एवढी लांब, लालभडक,
की लहान पोराने
थोरल्या भावाच्या चपला घालून निघावं.

इरावती चुरी नाइट शिफ्ट संपवून उतरत होती.
वाकली, आणि ओरडलीच,
"काका, तिबोटी!"

मी हात मागे लपवला.
उजव्याला माझ्या तीनच बोटं.
दोन रबाळ्याच्या पॉवर प्रेसखाली,
त्र्याण्णव साली, दुसऱ्या पाळीत.
कंपनीत हेच नाव पडलं होतं माझं.
हिला कुणी सांगितलं?

"तुम्हाला नाही हो. याला. तिबोटी खंड्या.
पाय बघा."
पाहिले. तीन, तीन.
मग तिला माझा हात दिसला
आणि ती पक्ष्यापेक्षा लाल झाली.

चहाच्या खोक्याला भोकं पाडता पाडता
सांगत राहिली भराभरा,
पावसाळ्यात पारसिकच्या ओढ्याकाठी, दरडीत बीळ करतो,
सरडे, कोळी, खेकड्याची पोरं खातो,
ऑक्टोबरात निघतो, तोही रात्रीचा.
कुठे?
"दक्षिणेला. कुणी म्हणतं लंकेच्या बेटावर.
नक्की कुणालाच माहीत नाही."

आणि हीच पोर वरती रात्रभर
अमेरिकेतल्या माणसांना सांगते
त्यांचं पार्सल कुठल्या नाक्यावर पोचलं ते.

याची चूक नाही काही.
याच्या पणज्याच्या वाटेवर इथे
नुसतं खाजण होतं, माझ्या बापाचं.
भरतीला पाणी, ओहोटीला चिखल,
आपटायला काहीच नव्हतं.
आम्हाला साडेबारा टक्के मिळाले, तेही कागदावर.
याला कागदही नाही.

तासाभराने खोका खरखरला.
खाणीमागच्या करवंदीत नेऊन उघडला,
तर साहेब निघेचनात.
माझ्या अंगठ्यावर येऊन बसले,
नखं टोचवून,
वजन म्हणाल तर एखाद्या विडीचं.
मग काय वाटलं कोण जाणे,
एक बारीक शीळ, आणि निळं काहीतरी
जाळीत शिरलं.
खोक्यात एक पांढरा ठिपका राहिला.

दहाला पाळण्यातून काच पुसायला चढलो.
तिसऱ्या मजल्यावर त्याचा ठसा होता,
भुकटीसारखा, दोन्ही पंख उघडलेले,
मधे चोचीची बारीक रेघ.
फडका तिथे आला आणि
बाजूने गेला.

खालून लोखंडे मुकादम ओरडले,
"पदाजी, डाग राहिलाय!"
म्हटलं,
"आतून आहे."