दहा मिनिटांची फिल्म

संकेश्वरच्या मिरची पेठेत
दोन गाड्यांच्या मध्ये धोतर ताणून
दाखवली ती फिल्म. दहा मिनिटांची, गाण्यांसकट.

आधी मराठी बाई: नऊवारी, नथ, कमरेवर कळशी.
मग कानडी बाई: इरकल, आबोली,
कमरेवर तीच कळशी.
बाईसुद्धा तीच.
आमची सत्तेव्वा आत्ती
(आत्ती दोन्हीकडं चालतं),
मिरचीची देठं खुडायची, पोत्याला दोन आणे.

कॅमेऱ्यावाल्यानं विचारलेलं, तू नक्की कुठली?
ही म्हणाली, तुमास्नी कुठली पायजे?
गळा मात्र दोन्ही गाण्यांत कुणा तिसरीचा,
जिला जन्मात ठसका लागला नसावा.

उजेड बरा म्हणून
हिरण्यकेशीकडं पाठ करून
आत्ती धोतरावर पाण्याला निघाली होती, हसत,
आणि अख्खी पेठ शिंकत होती,
पुढ्यात बसलेली तीसुद्धा.

परवा नातवानं मोबाइलवर शोधून दाखवली.
चष्मा पुसून दोनदा बघितली तिनं.
नथीबद्दल काही नाही,
इरकलीबद्दल काही नाही.
"कळशी माझी हुती," म्हणाली,
"अव्वानं दिल्याली.
शूटिंगला म्हणून नेली,
ती नेलीच की रं."