जावक

मी बराकीतला लेखनिक.
बाहेर होतो तेव्हा सोसायट्यांची बिलं लिहायचो.
आत जामीन, तारीख, आईचं बारावं, दाढदुखी.
अर्जाला दोन बिड्या. ज्याच्या मुलाखतीला कुणी येत नाही
त्याला फुकट.

हिराजी वैती फुकटातला.
शिवडी कोळीवाडा. वय त्याच्या मते साठ,
कागदाच्या मते त्रेपन्न.
डिझेलच्या पिंपावरून धक्क्यावर मारामारी,
तिला चार वर्षं झाली;
आरोप ठेवायचे अजून बाकी आहेत.

त्याचे सहा अर्ज मी लिहिले,
माझ्या कमावलेल्या भाषेत:
मेहेरबान कोर्टाच्या चरणी सविनय,
कृपावंत होऊन,
आपला आज्ञाधारक.
खाली अंगठा, मग सुभेदाराचा हात.
सुभेदार म्हणायचा, गेला.
गेला म्हणजे कुठवर?
आर्थर रोडच्या गेटातून सात रस्ता चालत जाण्याजोगा,
कोर्ट बेस्टच्या एका तिकिटावर.
भिंतीपलीकडून मोनो जाते, अर्धी रिकामी.

सातव्या वेळी त्याने माझं पेनच धरलं.
"तुजी साखर नको घालू. मी सांगतंय तसा लिव."

लिहिलं:
साहेब, हा सातवा.
पहिले सहा इथल्या साहेबांनी दाबले
नाहीतर तुम्ही वाचले नाहीत.
दोघांतला एक गुन्हेगार आहे.
मी तिसरा, आणि माझं तर अजून ठरायचंय.

मी म्हटलं, हिराजी, हा अवमान होतो.
म्हणाला, कोनाचा?
मला पटकन सांगता आलं नाही.

तो कागद सुभेदाराकडे गेलाच नाही.
व्हीसीच्या दिवशी आमचा आवाज तिकडून बंद असतो.
ओठ हलतात, तारीख पडते, पुढचा.
हिराजीने लेंग्याच्या नेफ्यातून घडी काढली
आणि कॅमेऱ्यासमोर धरली, दोन्ही हातांनी,
पाटीवर बसलेली बाई पापलेटाचा कल्ला उघडून दाखवते तशी:
बघा, ताजा की शिळा.

पडद्यावरच्या जजबाईंनी चष्मा चढवला.
मान वरून खाली गेली.
पुन्हा एकदा वरून खाली.

मग आठवडाभर ऑफिसात धावपळ.
कोर्टाने जावक वही मागवली होती.
वहीत हिराजीच्या नावाने सहा नोंदी होत्या,
सहा वेगवेगळ्या तारखांच्या,
सगळ्या एकाच पेनाने, एकाच दुपारी केलेल्या.
हे मला माहीत,
कारण अक्षर माझं.
चहा दिला होता. ग्लासात, साखर बरोबर.

नोटिसा दोन निघाल्या.
एक अधीक्षकांना:
कैद्याचा कागद अडवणे म्हणजे कोर्टाची वाट अडवणे,
कारण दाखवा.
एक हिराजीला:
"दोघांतला एक" या वाक्यासाठी
प्रकरण अवमानाखाली हायकोर्टाकडे का पाठवू नये,
कारण दाखवा.

मी घाबरत वाचली.
तो म्हणाला, परत वाच. नाव वाच.
हिराजी धाकू वैती.
धाकू बरोबर लिवलाय?
बरोबर.
"चार वर्सांत पयल्यांदा कोनी मना कागद धाडला."
आणि हसला, वरचे दोन दात नसलेलं.
अख्ख्या बराकीला दाखवून आला.
शिक्का बोटाने चाचपायला दिला एकेकाला.

उत्तराला पंधरा दिवस.
माफी लिहू का, विचारलं.
म्हणाला, मागू की, त्यात काय. पन आदी रीत पाळ.
पहिली ओळ त्याने सांगितली:
तुमचा कागद पोचला.

ती लिहून झाली आहे.
हिराजी झोपलाय, तोंडावर गमछा.
दिवा इथे रात्रभर असतोच.
दुसरी ओळ वहीबद्दल आहे
आणि ती त्याला ठाऊक नाही.
तिच्याखाली त्याचा अंगठा चालणार नाही.

मला सही येते.