साउंड उतरव बे

शंकरनगरच्या त्या हॉलमध्ये कूलर बंद करावे लागत,
नाहीतर बाबांचा आवाज मागच्या रांगेपर्यंत पोचत नसे.
मे महिना. पडद्यावर गुडघाभर बर्फ,
त्यात ओंद्रेय हाव्रिला, वय चोवीस, खांद्याला बंदूक,
आणि आम्ही साठसत्तर माणसं
घडी घातलेल्या पेपरनं वारा घेत.

प्रिंटवर खाली अक्षरं नसत.
डब्यासोबत यायचा संवादांचा सायक्लोस्टाइल कागद,
इंग्रजीत, अर्धा पुसट.
तो एका हातात, दुसऱ्यात टॉर्च,
रेल्वेच्या पार्सल ऑफिसातले डेहनकर
ऑपरेटरला सांगत, साउंड उतरव बे थोडा,
आणि ओंद्रेय बोलू लागे:
“काहून थांबली तू? पूल उडाला आता. जाय घरी.”

कोणी हसत नसे.
मला तर कित्येक वर्षं वाटायचं
स्लोव्हाकिया काटोलच्या पुढे कुठेतरी असेल.

लाकूडतोड्याचा मुलगा, नाटक कंपनीत पडदे ओढायचा,
माहितीपत्रकात एवढंच.
पुढच्या डब्यात तो नवरा होऊन आला,
त्यापुढच्यात मास्तर, मिशी लावलेला,
मग एकदा नुसता बसमधला प्रवासी, तीन वाक्यं.
मग नाहीच.
बाबांनी दिल्लीला वकिलातीत पत्र टाकलं,
हाव्रिलाचं नवीन काही?
उत्तरादाखल कॅलेंडर आलं, ट्रॅक्टरचं.
ते स्वयंपाकघरात लागलं.

फार उशिरा कळलं.
रणगाडे येऊन गेल्यावर
एका कागदावर त्यानं सही केली नव्हती.
चेहरा बंद झाला. आवाज तेवढा चालवून घेतला:
काळोख्या खोलीत, कानाला हेडफोन,
परक्यांच्या ओठांवर तो शब्द बसवत राहिला,
इटालियन चोर, जपानी बाप,
एकदा म्हणे हिंदुस्थानातला कोणी मुनीमही.
अठरा वर्षं.
आणि इथे जुनेच डबे फिरून फिरून येत,
बाबा त्याच्या ओठांवर.

परवा माझ्या मुलानं फोनवर शोधून दिला तो बर्फ.
बाबा एक्क्याऐंशीचे, कानात यंत्र.
पूल उडाला. ती थांबली. ओंद्रेयनं तोंड उघडलं.

बारीक आवाज. जरासा नाकातला.
शब्द संपायच्या आधीच श्वास संपलेला.

बाबांनी फोन कानाशी नेला. पुन्हा लाव म्हणाले.
पुन्हा.
“मी याले उगाच दांडगा केला बे,
हा तं भेवून रायला होता.”

चौथ्यांदा लावलं तेव्हा
ते त्याच्यासोबत काहीतरी म्हणत होते,
ओठ हलताना दिसले फक्त.
मी उठून कूलर बंद केला.