सहा दहाची बस

स्लोवाकियाच्या पूर्वेला, टेकडीखाली आमची रोमा वस्ती.
डांबर संपतं तिथे थांब्याचा खांब आहे, जरा कललेला.
मी हात करायचे.
ड्रायव्हर आरशात भांग बघायचा
नि गिअर बदलायचा.
काचेआडून पलीकडच्या गावातली मुलं
माझ्याकडे बघायची,
सुगी झाल्यावर शेतात राहून गेलेल्या बुजगावण्याकडे बघावं तशी.

मग सात किलोमीटर. मार्चमधला वितळता बर्फ.
मोजे पिळून दप्तरात.
नर्सिंगच्या शाळेत हजेरी घेताना बाई विचारायच्या,
"झानेता, तुमच्या लोकांत घड्याळं नसतात का?"
वर्ग हसायचा.
आमच्या घरी तीन होती.
मी बोलले नाही.

आईला सांगितलं ते ती भांडी घासत असताना,
पाण्याच्या आवाजात,
ऐकू गेलं नाही तर बरं, अशा बेताने.
आईने नळ बंद केला.

दुसऱ्या दिवशी पहाटे
गेझामामा सपातांतच आला, कोटाखाली झोपायचा सदरा.
मार्गिताआत्या, मनगटापर्यंत पीठ.
रात्रपाळीवरून थेट आलेला देझो,
ज्याच्याशी मामाने दोन वर्षं अबोला धरलेला.
आणि मागून आणखी, आणखी.
भाषण कोणी केलं नाही.
थंडी होती, सगळे पाय आपटत होते.
माझा धाकटा मिल्को आमच्या भाषेत माणसं मोजू लागला:
येख, दुय, त्रिन, श्तार, पांज...
वीसच्या पुढे त्याला येत नाही,
म्हणून तो पुन्हा येखपासून निघाला.

बस थांबली.
दार उघडलं तसा आतला उबारा अंगावर आला.
"एवढे सगळे?" ड्रायव्हरचे कान लाल.
"छे," आत्या म्हणाली, "जाणार एकटी पोर.
आम्ही पोचवायला आलोय.
उद्याही येऊ."

सुटे पैसे माझ्या मुठीत ओले झाले होते.
खिडकीशी बसले. शेजारी कोणी बसलं नाही.
मागच्या काचेत सगळे लहान होत गेले,
मामा आणि देझो
एकाच काडीवर दोन सिगारेटी पेटवताना.

आता बस थांबते. रोजच, असं नाही.
थांबत नाही त्या दिवशी मी वहीत वेळ लिहिते,
गाडीचा नंबर लिहिते,
साक्षीच्या सह्यांसाठी संध्याकाळी दारं वाजवते.
सप्टेंबरात मिल्को शाळेत जाईल.
वीसच्या पुढचे आकडे
शिकवायला घेतलेत त्याला.