मधले अकरा श्वास

बाप्तिस्तँचा भुसा मी भरते.
त्याची मापं मला पाठ आहेत.
डावा गुडघा अधू, म्हणून बाहुल्याचाही
मी जरा ढिलाच शिवते.

आज तो चौथ्या मजल्यावरून पडणार,
पियानो आणि सासूबाईंसकट.
म्हणजे भुसा पडणार.
तो स्वतः गल्लीच्या तोंडाशी पिंपावर बसून
पाव-कांदा खातोय.

नीसची उतरती गल्ली, मार्चचं ऊन,
आणि धप्प!
"थांबा!" कॅमेऱ्याचा दांडा सोडून लुबे ओरडतो.
जो जिथे, तो तिथेच.
शिपाई एका पायावर,
कोळीण मासा उगारून,
नवरी पुष्पगुच्छ छातीशी धरून.
कुणी हूं की चूं करायचं नाही,
भुशाला तंगड्या धरून ओढून नेईपर्यंत
आणि त्याच जागी, तेवढाच वाकडा
खरा माणूस निजेपर्यंत.
अकरा श्वास लागतात. मी मोजलेत.

मग दांडा फिरतो. मेलेला उठतो,
गुडघे झटकतो,
पियानोला टोपी काढून नमस्कार करतो.

पण आज सातव्या श्वासाला
विधवा रोझालीची बकरी आली.
हाकलणार कोण?
आरामात तिने नवरीचा गुच्छ खाल्ला,
देठांसकट, रिबिनीसकट.
नवरीचे फक्त डोळे हलले.

शनिवारी पडद्यावर होत्याचं नव्हतं झालं :
आत्ता गुच्छ, आत्ता बकरी.
लोक इतके हसले की
पुढच्या रांगेतल्या म्हाताऱ्याची कवळी
टोपीत पडली.
चार मजले पडलेल्याकडे
कुणी बघितलंसुद्धा नाही.

"वीस वर्षं पडतोय मी," बाप्तिस्तँ म्हणाला,
"आणि जिंकली कोण?"

मी सुईत दोरा ओवत राहिले.
त्याला सांगितलं नाही की
त्या अकरा श्वासांत मी काय बघते.
आधी हात टेकतो तो दगडावर,
मग उजवा गुडघा,
मग कुशीवर, जपून, आई गं म्हणत,
थंड गादीवर निजतात तसा.
कांद्याचा वास येतो.
शिपायाची पोटरी थरथरते.
हे कुठल्याच फिल्मवर नाही.

उद्या सहावा मजला आहे.
आणि रात्रीत कुणीतरी
बाहुल्याचा उजवा हात कोपरापर्यंत खाल्लाय.