हयातीचा दाखला

दर नोव्हेंबरात ती माझ्या खिडकीशी यायची,
पालिकेचं वॉर्ड ऑफिस, परळ, तळमजला, खिडकी चार.
आपण अजून मेलेलो नाही
हे सांगायला.

रोकडे तान्हूबाई गंगाराम. घनकचरा खातं, सेवानिवृत्त.
मशीन तिचा अंगठा वाचायचंच नाही.
एकतीस वर्षं झाडूच्या दांड्यानं
रेषा झिजवून नेलेल्या.
आजी, पुसा. पुन्हा ठेवा.
ती पदराला पुसायची, ठेवायची.
मशीन लाल.
मग मी हातानं लिहायचो : समक्ष उपस्थित. हयात.
ती विचारायची, "झाले का मी?"

यापलीकडे मला ती माहीत नव्हती.

मग चोरबाजारात, मोडक्या मिक्सरांच्या ढिगाऱ्यात
मिहिर कोतवाल नावाच्या पोराला एक कॅसेट मिळाली.
कव्हरवर दोन बायका, एक ढोलकी,
खाली : तान्हूबाई रोकडे आणि पार्टी, घोडपदेव.
पोरानं पेन्सिल घालून फीत गुंडाळली,
ऐकली, रात्रभर ऐकली,
आणि चार महिने पत्ता शोधत
शेवटी माझ्या खिडकीशी आला.
पत्ता देणं नियमात बसत नव्हतं.
दिला.

पेपरात आलं : विस्मृतीतला आवाज गवसला.
कात्रण मीच तिला वाचून दाखवलं.
"गवसला म्हंजी? मी कवा हरवले व्हते?
म्हैन्याच्या म्हैन्याला पेन्शन खाते की."

परळच्या एका हॉलमध्ये रविवारी सत्कार.
मी तिसऱ्या रांगेत. स्टेजवरचं माणूस
ओळखीचं असण्याची माझी पहिलीच वेळ.
शाल, नारळ, मागे तिच्या नावाचं फ्लेक्स.
मग कॅसेट लावली.
आवाज लागला तसा
माझ्या पुढच्या माणसानं तोंडाशी नेलेला चहा
खाली ठेवला, आणि नंतर तो तसाच राहिला.

टाळ्या. माइक तिच्या हातात.
"ह्यो माजा न्हाई," ती म्हणाली.

माइक बिघडलाय असं वाटून कुणी तारा हलवल्या.

"ह्यो हौसाचा. हौसा वाघचौरे.
मी मागं झील धरायचे.
कंपनीवाल्यानं कागद म्होरं केला, सही करा म्हनला.
सही मलाच यायची, मी तिसरी शिकल्याली.
हौसानं अंगठा दिला.
अंगठ्याचं नाव छापत्यात व्हय कुटं?"

हौसा कधी गेली, कशानं गेली,
कुणी विचारलं नाही. तिनंही सांगितलं नाही.
संयोजक फ्लेक्सकडे बघत राहिले, मग घड्याळाकडे.
तरी आजी, दोन ओळी म्हणा की, कुणीतरी म्हणालं.

तिनं नारळ मांडीवर घेतला.
आधी काहीच नाही. बोटं नारळावर मोजत होती.
मग एकदम : जी जी रं जी...
आणि थांबली.
पुन्हा मोजणं. हौसाच्या ओळीएवढी जागा
तिनं रिकामी सोडली होती.
त्या जागेत पुलावरच्या बसचा ब्रेक ऐकू आला,
कुणाचं तरी नाक ओढणं,
नि पुन्हा बरोबर ठेक्यावर
झील.
सात कडवी. एकही ओळ तिनं म्हटली नाही.
पाचव्यात मधेच ती हसली.
हौसानं तिथं पदरचं काही घुसडलं असावं.

कोतवाल रेकॉर्ड करत होता.
नंतर म्हणाला, यात निम्मी शांतताच आहे,
हे कापायचं कुठून?
मी म्हटलं, मला विचारू नका,
मी पेन्शन विभागात आहे.

या नोव्हेंबरात ती आली.
शाल घेऊन आली, थंडी नसताना.
अंगठा. लाल. पदर. अंगठा. लाल.
मी लिहिलं : समक्ष उपस्थित. हयात.
"झाले का मी?"
झालात.
ती हलेना. मागे रांग कुरकुरायला लागली.
"आनि हौसाचं?"

म्हटलं, आजी, त्या आपल्या खात्यात नव्हत्या.
"न्हवती," ती म्हणाली, आणि गेली.

जेवणाच्या सुट्टीत मी रजिस्टर पुन्हा उघडलं.
तिच्या नावापुढे शेऱ्याचा रकाना रिकामा होता.
पेन्सिलनं लिहिलं :
आवाज, हौसा वाघचौरे. समक्ष ऐकला.
ऑडिटवाले विचारतील
तेव्हा बघू.