उचल

ह्या विश्वात बेटं सातच राहिली.
भराव कुणी घातलाच नाही,
म्हणून परळहून माझगावला मी होडीनेच जाते,
आणि सुट्टे नसले तर होडीवाला वैती
पैसे उद्यावर टाकतो.

उद्यावर टाकणं आमच्याकडे सगळ्यांनाच जमतं.
त्याचं कारण वर आहे,
पूर्वेला, उरणच्या डोंगराहून हातभर उंच:
तो क्वेसार.
वेधशाळेच्या कागदांत त्याला नुसता आकडा आहे,
बंदरातले लोक त्याला उचल म्हणतात.

कारण तो अजून पेटलेला नाही.
पंथकीसाहेबांनी गणित तीनदा तपासलं,
चौथ्यांदा चष्मा बदलून तपासलं.
उजेड आधी निघालाय, आग मागाहून लागणार.
किती मागाहून, ती शून्यं लिहिता लिहिता
पान संपलं, तेव्हा त्यांनी पान उलटलं नाही,
चहा मागवला.

आता उजेडच आगाऊ,
तर सावल्या वेळेवर कशा येतील?
शिवडीच्या चिखलात फ्लेमिंगोंच्या सावल्या
गणपतीतच उतरतात,
माना खाली घालून चरत राहतात.
पक्षी यायला डिसेंबर उजाडतो.
मधले तीन महिने खेकडे
बिळात बसून उपाशी,
कुणाला भितोय ते न कळून.
पोस्टमनची सावली सकाळी, पत्र दुपारी.
चोऱ्या फारशा होत नाहीत,
होतात त्या ढगाळ रात्री.

माझी आई, शरयू विजयकर,
भंडारवाड्याच्या टेकडीवर एकतीस वर्षं रात्रपाळीला.
काचेवर पडणारा ठिपका बघायचा,
वहीत तीन रकाने भरायचे: तारीख, वेळ, उजेड.
चौथा तिने स्वतःच पट्टीने आखला
आणि वर लिहिलं, देणे.
साहेब म्हणाले, हे काय, बाई?
ती म्हणाली, मागायला येतील तेव्हा
आपल्याकडे हिशोब नको?

नियमही तिनेच काढला, कुठे छापला नाही:
जितकं लांबून येणं, तितकी सावली आधी.
जाण्याचंही तसंच, म्हणाली. बहुतेक.

एका बुधवारी ती बाजारातून आली
तर भिंतीवरून चालली
नुसती पिशवी,
मेथीची जुडी बाहेर डोकावणारी.
मी बघितलं. तिने मला बघताना बघितलं.
पिशवी खाली ठेवली, पंखा लावला,
मेथी निवडायला बसली.
मुळं एकीकडे, पानं एकीकडे,
आणि बऱ्याच वेळाने, वर न बघता,
तीन दिवस किंवा चार, म्हणाली.
म्हणजे बघ, फार लांब नाही जात मी.

शनिवारी गेली.

तिच्या जागेवर आता मी बसते.
शेवटच्या तीन रात्रींचे आकडे
नेहमीच्या ठसठशीत अक्षरात आहेत,
चौथा रकाना कोरा.
विसरल्या असतील, पंथकीसाहेब म्हणाले.
जी बाई पट्टीसुद्धा धुऊन ठेवायची, ती.

पहाटे पाळी संपली की मी शिवडीच्या धक्क्यावर उतरते.
माझी सावली माझ्यापुढे असते, दोनेक मिनिटं,
टेकडी जवळच आहे ना.
तिच्या उजव्या हाताला
गेल्या वर्षापासून एक छोटी सावली लोंबकळते,
मध्येच उडी मारते,
एक चप्पल सारखी निसटते तिची.

फ्लेमिंगोंना तीन महिने लागतात,
हिला एकोणीस झाले.
म्हणजे कुठून निघाली असेल
ते मी अजून मांडून बघितलेलं नाही.
वैतीला विचारलं, तुला दिसते का?
तो वल्हं पुसत म्हणाला,
तिचं तिकीट अर्धं पडेल.

मी उजव्या हातातली वही डाव्यात घेते
आणि बोटं जराशी उघडी ठेवून
चालते.